मुख्य चित्रपटाच्या आधीची वीस मिनिटे

(मंडळाच्या श्रावणातील शुक्रवारच्या सभेत केलेले भाषण)



आजवर या मंडळात मी जे काही बोलले ते स्वयंपाकघरातूनच. पाने किती मांडायची आणि कढीला मीठ पडले की नाही, यापलीकडे माझ्या भाषणाची मजल गेली नाही. त्यामुळे चिटणीसबाईंनी ‘या शुक्रवारी तुम्ही बोलायचं’ असे सांगितले तेव्हा मला घामच फुटला. मी म्हटले, ‘अहो, मी सातवी पास. इथे पदवीधर बायका असताना मी काय बोलणार?’ त्या म्हणाल्या, ‘तुम्हाला जे ठाऊक आहे तेच सांगा.’ मग मी ठरवले की माझ्या दुसऱ्या शाळेविषयी चार शब्द बोलावेत. ती शाळा सिनेमाच्या थेटरात भरत असे आणि तिचा तास वीस मिनिटांचा असे.

आपल्यापैकी चाळिशी ओलांडलेल्या भगिनींना आठवत असेल. पूर्वी थेटरात दिवे मालवले की लगेच नायक-नायिका दिसत नसत. आधी सरकारी वार्तापट लागे आणि त्याच्यामागून एखादा अनुबोधपट. धरणाची भिंत कशी बांधतात, मधमाशी मध कसा गोळा करते, विणकर मागावर कसा बसतो, लस का टोचून घ्यावी, अशी काही ना काही माहिती त्यात असे. तेवढ्या वेळात पुरुषमंडळी बिडी ओढायला नाहीतर चहाला बाहेर जात. बायका मुलांना खाऊ काढून देत. कोणी उशिरा आले की विचारी, ‘सुरू झाला का?’ आणि आतले सांगत, ‘नाही अजून, डाक्युमेंटरी चालू आहे.’ म्हणजे ते चालू असूनही कोणाच्या लेखी काही चालू नसे.

माझे वडील चंद्रपूर जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी टॉकीजवर डोअरकीपर होते. तिकीट फाडून अर्धे परत द्यायचे आणि बॅटरी दाखवून जागेवर बसवायचे, हे त्यांचे काम. नोकरांच्या मुलांनी फुकट सिनेमा पाहायचा नाही, असा मालकांचा दंडक होता. पण सुरुवातीला खुर्च्या रिकाम्याच असत, म्हणून बाबा मला आणि माझ्या भावाला दाराच्या पडद्याशी उभे राहू देत. मुख्य चित्रपटाचे सेन्सॉरचे सर्टिफिकेट दिसले की त्यांचा हात आमच्या खांद्यावर पडे आणि आम्ही मुकाट्याने घरी जात असू. त्यामुळे त्या काळचे नावाजलेले सिनेमे मी पाहिलेच नाहीत. त्यांच्या आधीची वीस मिनिटे मात्र मी चुकवली नाहीत.

ही वीस मिनिटे कोणी आणि का ठरवली, हे मला तेव्हा ठाऊक नव्हते. आता धाकट्या मुलाच्या मदतीने आणि वाचनालयातून पुस्तके आणून थोडे वाचले, ते सांगते.

याची सुरुवात आपल्या मराठी माणसांनीच केली आहे. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावे दादा, यांनी १८९९ साली मुंबईला हँगिंग गार्डनमधल्या कुस्तीचे चित्रण केले. १९०१ साली रँग्लर परांजपे केंब्रिजहून परत आले तेव्हाचे स्वागतही त्यांनीच टिपले. पुढे १९१२ साली दादासाहेब फाळके विलायतेहून कॅमेरा घेऊन आले. भांडवल घालायला कोणी तयार होईना, तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याची रोज थोडी थोडी छायाचित्रे घेतली. ती फीत चालवल्यावर कित्येक दिवसांची वाढ डोळ्यांदेखत होऊन रोप उभे राहिलेले दिसले. ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली आला. म्हणजे त्याच्याही आधी आपल्याकडे वाटाण्याच्या रोपाचा धडा तयार झालेला होता.

या कामी सरस्वतीबाई फाळके यांनी अंगावरचे दागिने काढून दिले. फितीच्या कडेला भोके पाडण्याचे काम त्या अंधारात बसून करीत आणि शिवाय सगळ्या मंडळींचा स्वयंपाकही रांधीत. हे वाचले तेव्हा मला फार बरे वाटले. स्वयंपाकघरातल्या बाईचा आणि ज्ञानाचा संबंध पुष्कळ जुना आहे, हे त्यावरून समजले.

दुसऱ्या महायुद्धात इंग्रज सरकारने १९४० साली या कामासाठी एक मंडळ नेमले. त्याचे प्रमुख निर्माते व्ही. शांताराम होते. १९४३ साली हुकूम निघाला की प्रत्येक थेटराने दर खेळाला सरकारने पसंत केलेली फीत दाखवलीच पाहिजे. ती दोन हजार फुटांपर्यंत असे. मिनिटाला नव्वद फूट फीत सरकते, म्हणजे हिशेबाने बावीस मिनिटे झाली. हे युद्धाच्या प्रचाराचे काम म्हणून लोकांना आवडत नसे, आणि १९४६ साली ते खाते बंद झाले. त्यामुळे १९४७ च्या पंधरा ऑगस्टला आपल्या सरकारजवळ स्वतःचे वार्तापटाचे खातेच नव्हते. मग १९४८ साली फिल्म्स डिव्हिजन स्थापन झाली. तिचे मुख्य ठिकाण मुंबईला पेडर रोडवर होते. १९५२ च्या सिनेमाच्या कायद्यात या पटांची तरतूद झाली. ते दाखवणे ही परवान्याची अट होती आणि थेटरवाल्यांना त्याचे भाडेही भरावे लागे. मालक कुरकुर करीत, पण पट दाखवीत. मराठीसह देशातल्या अनेक भाषांत हे पट निघत.

त्याचा उपयोग किती होई, याची एक आठवण माझ्या सासूबाई सांगतात. त्यांचे वय आज एक्क्याऐंशी आहे. १९५७ च्या एप्रिलमध्ये नवे पैसे सुरू झाले. तोवर रुपयाचे सोळा आणे आणि चौसष्ट पैसे होते, ते आता शंभर नवे पैसे झाले. बायकांचा गोंधळ उडाला. सासूबाई तेव्हा बारा-तेरा वर्षांच्या होत्या. जत्रेतल्या तंबूच्या सिनेमात त्यांनी नव्या पैशांवरचा एक छोटा पट पाहिला. एका आण्याला ६, दोन आण्यांना १२, तीन आण्यांना १९ आणि चार आण्यांना २५ नवे पैसे, हा कोठा त्यांनी पाठ केला. दुकानदार त्यांच्या आईकडून एका आण्याच्या मालाला ७ नवे पैसे घेत असे. दुसऱ्या दिवशी सासूबाईंनी दुकानात उभे राहून तो कोठा म्हणून दाखवला. त्यांची आई कधी शाळेत गेलेली नव्हती, पण त्या दिवसापासून तिला कोणी फसवले नाही.

आता मी माझी स्वतःची गोष्ट सांगते. ती मी या मंडळात कधी सांगितली नाही, आणि माझ्या माहेरच्या चार माणसांपलीकडे ती कोणाला ठाऊकही नाही. आईला विचारूनच मी ती सांगत आहे.

१९९० सालचा पावसाळा होता. मी सहावीत होते. एका दुपारच्या खेळाला कुष्ठरोगावरचा अनुबोधपट लागला. त्यात एक डॉक्टर रोग्याला डोळे मिटायला सांगत, कापसाने त्याच्या अंगावरच्या फिकट डागाला हलकेच स्पर्श करीत आणि ‘कुठे लागलं?’ असे विचारीत. रोग्याला सांगता येत नसे. त्यात म्हटले होते की हा रोग पाप केल्याने होत नाही, वाडवडिलांकडून येत नाही, नुसत्या शिवण्याने लागत नाही, आणि वेळेवर औषध घेतले तर पूर्ण बरा होतो. थेटरात तेव्हा वीस-पंचवीस माणसे असतील. बाकीची बाहेर चहा घेत होती.

माझ्या आईच्या डाव्या हातावर मनगटाच्या वर एक फिकट डाग होता. ती त्याला सुरमा म्हणे आणि वर हळद लावी. त्याच आठवड्यात चुलीवरचा गंज उतरवताना तिचा तो हात भाजला होता आणि फोड येईपर्यंत तिला कळले नव्हते. त्या रात्री मी समईची एक वात घेतली आणि आईला म्हटले, ‘डोळे मीट, एक खेळ खेळू.’ उजव्या हाताला वात लावली की ती ‘इथे’ म्हणे. डाव्या हातावरच्या डागावर मी तीन वेळा वात फिरवली. ती म्हणाली, ‘लाव ना गं, वाट काय पाहतेस?’

मी रडू लागले तेव्हा तिला सारा प्रकार सांगावा लागला. बाबा आधी माझ्यावर रागावले. पण त्यांनीही तो पट दारात उभे राहून पाहिला होता. दोन दिवसांनी ते आईला सरकारी दवाखान्यात घेऊन गेले. रोग तोच निघाला, पण अगदी सुरुवातीला सापडला होता. महिन्यातून एकदा दवाखान्यातल्या माणसासमोर गोळ्या घ्यायच्या आणि एक गोळी रोज घरी घ्यायची, असे सहा महिन्यांचे औषध होते. पहिल्या गोळ्या घेतल्यावर लघवी लाल झाली म्हणून आई घाबरली. ते औषधामुळे होते, हे पटात सांगितले नव्हते. दवाखान्यातल्या माणसाने सांगितले तेव्हा तिला धीर आला. सहा महिन्यांत आई बरी झाली. डागाच्या जागी स्पर्श कमीच राहिला, पण बोटे वाकडी झाली नाहीत.

रोग बरा झाला, तरी बोलाचाली थांबली नाही. दवाखान्याचा माणूस सायकलवरून घरी विचारपूस करायला येई. त्यावरून शेजारपाजारी समजले. विहिरीवर आमची घागर बाजूला ठेवावी लागे. कोणी म्हणे, हिला आनंदवनात नेऊन सोडा. आणि टॉकीजवर लोक बाबांच्या हातून फाडलेले तिकीट परत घ्यायला कचरू लागले. बाबांना तर रोग नव्हताच. मालकांनी त्यांना बोलावून सांगितले, ‘वाईट वाटून घेऊ नका, पण गिऱ्हाईक तुटतं.’ त्या डिसेंबरात बाबांची नोकरी गेली. नुसत्या शिवण्याने रोग लागत नाही, हे ज्या पडद्यावर दाखवले होते, त्याच थेटराच्या दारात हे घडले.

आम्ही काकांच्या खेड्यात राहायला गेलो. तिथली शाळा सातवीपर्यंत होती. आठवीसाठी आठ किलोमीटर चालत जावे लागे, आणि एकट्या मुलीला पाठवायला कोणी तयार नव्हते. म्हणून माझे शिक्षण १९९२ साली संपले. ‘तुम्ही पुढे का नाही शिकलात?’ असे कोणी विचारले की मी इतकी वर्षे ‘आवड नव्हती’ असे सांगत आले. ते खोटे होते. मला आवड फार होती.

भगिनींनो, मी यावर पुष्कळ विचार केला. त्या पटाने माझ्या आईचा हात वाचवला, यात शंका नाही. मग त्याच गावातल्या इतर माणसांना त्याने शहाणे का केले नाही? मला एकच उत्तर सुचते. ज्यांनी बाबांच्या हातचे तिकीट नाकारले ते त्या वीस मिनिटांत बाहेर होते. जे आत होते त्यांनीही ते पाहिले आणि लगेच पुढच्या सिनेमात विसरून गेले. नंतर कोणी कोणाशी त्याबद्दल बोलले नाही. पाहिलेली गोष्ट घरी गेल्यावर चार माणसांत बोलली गेली तरच ती रुजते. मी ती आईशी बोलले, एवढाच फरक.

या पटांत दोष नव्हते असे मी म्हणत नाही. कित्येक पट रटाळ असत. निवेदकाचा आवाज वरून हुकूम सोडल्यासारखा वाटे. आणीबाणीत तर त्यांतून सरकारची भलामणच अधिक झाली. कुटुंबनियोजनाचा लाल त्रिकोण आम्हा बायकांना नेहमी दाखवत, पण बाईला काय वाटते हे क्वचितच विचारत. तरी त्यात चांगले पटही निघाले. १९६७ साली शास्त्री नावाच्या दिग्दर्शकांनी ‘आय ॲम ट्वेंटी’ हा पट केला. स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेल्या, विशीतल्या मुलामुलींना तुम्हाला काय वाटते, असे त्यात विचारले आहे. १९६८ साली फली बिलिमोरिया यांनी ओरिसातल्या एका खेडुताच्या कुटुंबावर काढलेल्या पटाला ऑस्करचे नामांकन मिळाले होते.

आणि विजया मुळे यांचे नाव तर आपण बायकांनी ध्यानात ठेवलेच पाहिजे. त्यांचा जन्म १९२१ साली मुंबईत झाला. लग्नानंतर त्या पाटण्याला गेल्या, पुढे विलायतेत शिकून आल्या आणि मुलांसाठी शिक्षणाचे पट काढू लागल्या. एका जाळ्यात सापडलेली पाखरे एकजुटीने उडून जातात, तो ‘एक अनेक और एकता’ हा चित्रांचा पट त्यांचाच, १९७४ सालचा. तो दूरदर्शनवर आपल्यापैकी बहुतेकींनी पाहिला असेल, पण तो एका मराठी बाईने केला हे किती जणींना ठाऊक होते? मलाही आत्ताच कळले. २०१९ साली, अठ्ठ्याण्णव्या वर्षी त्या वारल्या.

थेटरातली ती वीस मिनिटे हळूहळू गेली. १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने ही सक्ती कायदेशीर ठरवली होती. पण तोवर घरोघरी टीव्ही आले होते, मग मोठमोठी नवी थेटरे आली आणि पडद्यावर जाहिराती वाढल्या. पेडर रोडच्या त्याच आवारात २०१९ साली भारतीय सिनेमाचे राष्ट्रीय संग्रहालय उघडले. २०२० साली फिल्म्स डिव्हिजन राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्याचा निर्णय झाला. जुने पट पुष्कळसे आता मोबाइलवर पाहता येतात. मुलाने मला काही लावून दिले. तो निवेदकाचा आवाज ऐकला आणि क्षणभर वाटले, आता खांद्यावर बाबांचा हात पडणार.

कुष्ठरोगाचेही सांगते, कारण तो संपला असे पुष्कळांना वाटते. २००५ सालच्या अखेरीस, दर दहा हजारांमागे एकाहून कमी रोगी उरले म्हणून त्याचे निर्मूलन झाल्याचे सरकारने जाहीर केले. तरी जगात दरवर्षी सापडणाऱ्या नव्या रुग्णांपैकी निम्म्याहून अधिक आपल्या देशात असतात. औषध सरकारी दवाखान्यात फुकट मिळते. अंगावर बधिर डाग दिसला तर लपवू नका, हळद लावून बसू नका आणि शेजारणीची घागरही बाजूला ठेवू नका.

शेवटी माझी मंडळाला एक विनंती आहे. महिन्यातून एका शुक्रवारी आपण पंधरा मिनिटांचा एक माहितीचा पट सभागृहात लावू. आरोग्याचा असेल, बँकेच्या व्यवहाराचा असेल, बियाण्याचा असेल. मोबाइलवर जे येते त्यातले सगळेच खरे नसते, म्हणून पट आधी चौघी जणींनी पाहून निवडावा. मग अर्धा तास त्यावर बोलावे. आपल्याला यातले काय ठाऊक नव्हते, आपल्या घरी याच्या उलट काय चालते आणि हे आणखी कोणाला सांगितले पाहिजे, हे तीन प्रश्न पुरेत. कोणी म्हणेल, हे घरबसल्या ज्याच्या त्याच्या मोबाइलवर होते. होते खरे, पण एकटीने पाहिलेले एकटीपाशीच राहते, हे मी अनुभवाने सांगते.

माझी आई गेली आठ वर्षे आमच्याकडेच राहते. आपल्या मंडळाच्या संक्रांतीच्या वड्या आणि गौरीच्या पुरणपोळ्या तिच्याच हातच्या असतात, आणि आपण सर्वांनी त्या वाखाणल्या आहेत. ती आज तिसऱ्या रांगेत बसली आहे. ‘सांगू का?’ असे मी तिला विचारले तेव्हा ती म्हणाली, ‘सांग. तुझी शाळा माझ्यापायी गेली, निदान कोणाच्या उपयोगी तरी पडो.’

ठराव मंजूर झाला तर पहिल्या शुक्रवारची तयारी मी करीन. एक अट मात्र आहे. पट चालू असताना कोणी चहासाठी उठायचे नाही. चहा नंतर मिळेल, आणि तो आई आणि मी मिळून करू.